राखणीला बसलेली माणसं

झालेशे, पोलंड
दि. १६ नोव्हेंबर

ती. बाबांस,

सुरभीचा सा. न. वि. वि. आईला वेगळा नमस्कार. एकाच नमस्कारात दोघांना उरकलं की ती रुसते.

फोनवर मी विचारते बर्फ बघितलात का फोटोत, आणि तुम्ही सांगता, हो, जेवलो. म्हणून हर्षलावहिनीने सुचवलं तेच बरं. मी कागदावर लिहीन, फोटो तिला पाठवीन, आणि ती दहिवलीच्या झेरॉक्सवाल्याकडून मोठा करून छापून आणील. घाटातल्या इंजिनांनी तुमचे कान नेले, पण डोळे ठेवलेत.

बातमी ही की मी शहरातली खोली सोडली. लांडग्यांचा माग काढायचा तर बर्फ पडल्यावर जंगलाच्या कडेलाच राहायला हवं. हे गाव लहान आहे, दुकान एक, बस सकाळची आणि संध्याकाळची. मी राहते त्या घराच्या मालकीणबाई हालिना बोर्कोव्स्का. वय एक्याण्णव. त्याही प्राणिशास्त्रज्ञ. या देशात लांडगा दिसला की मारायचा असा सरकारचाच नियम होता, तेव्हा मारू नका म्हणणारी जी थोडी माणसं होती त्यांतल्या ह्या एक. आता कंबरेत वाकल्यात, पण रोज सकाळी काठी टेकत कुंपणापर्यंत जाऊन पावलांचे ठसे बघून येतात आणि मला सांगतात, मी झोपले होते तेव्हा कोण येऊन गेलं.

आईला आवडेल अशी गोष्ट सांगते. इथे बाईमाणसाला मानाने 'पानी' म्हणतात. महायुद्धात रशियाने हालिनाबाईंच्या घरच्यांना सैबेरियात नेलं होतं. तिथून सुटून, इराणमार्गे, त्या आईबरोबर आपल्या कोल्हापूरजवळ वळिवड्याला आल्या. पोलिश निर्वासितांची मोठी छावणी होती तिथे. नऊ वर्षांच्या हालिनाला वाटे, इथली माणसं किती चांगली, तहान लागली की 'पाणी' म्हणत माझ्या आईलाच हाक मारतात. त्या सांगतात, त्यांच्या बराकीत एकदा धामण निघाली. बायका किंचाळत बाहेर पळाल्या. एक गुराखी आला, काठीवर घेऊन ती बांधापलीकडे सोडली आणि 'असू दे' म्हणून निघून गेला. प्राणिशास्त्रातला माझा पहिला धडा तो, असं त्या म्हणतात. चौदाव्या वर्षी त्या परत आल्या. मराठीचे पंधराएक शब्द अजून जवळ आहेत, त्यांत दोन शिव्या आहेत.

थंडी आहे. स्वेटर दोन घालते. काळजी करू नका म्हटलं तरी कराल, म्हणून म्हणत नाही.

लोभ आहे तसाच राहू द्या, वाढला तर पाठवून द्या.

तुमची
सुरभी


पळसदरी
दि. ४ डिसेंबर

चि. सुरभीस,

बाबाचा आशीर्वाद. आईचा तिने वेगळा लिहायला सांगितला आहे, म्हणून ही दुसरी ओळ : आईचा आशीर्वाद.

पत्र पोचलं. तीनदा वाचलं, एकदा मोठ्याने, घरातल्यांना ऐकवायला. हर्षला म्हणते मी इतक्या मोठ्याने वाचलं की स्टेशनावरच्यांनाही कळलं तू घर बदललंस.

ओमकारच्या फोनवर नकाशा काढून तुझं गाव बघितलं. हिरव्याच्या मध्ये टिंब आहे. मला ते आवडलं नाही. एक्याण्णव वर्षांच्या बाईला रात्री काही झालं तर बर्फातून डॉक्टर येतो का? बस चुकली तर तू काय करतेस? लांडगा माणसाच्या वाटेला जात नाही हे तू लिहिशील, पण लांडग्याला ते कोणी वाचून दाखवलं आहे का? तुझी आई तर म्हणते, शिकायला एवढ्या लांब गेली ती शेवटी रानातच राहायची होती तर आपलं रान काय वाईट होतं.

आणि ते रान आता घराशी आलं आहे. तुला कळवू नये असं आईचं मत, पण तुला हर्षलाकडून कळेलच. धरणाच्या बाजूला बिबट्या आहे. आधी फार्महाऊसच्या वॉचमनने बघितला, आम्ही हसलो. मग आपला मोती गेला. साखळी तशीच, पट्टा तसाच, कुत्रा नाही. शनिवार-रविवारी फार्महाऊसवर पाहुणे मंडळी येतात, उष्टं खरकटं ओढ्यात टाकतात, त्यावर कुत्री जमतात, आणि कुत्र्यांवर हा आला. असा माझा हिशेब.

ओमकारचा रुद्र आता पाच वर्षांचा. त्याला अंगणात सोडायचं की नाही यावर घरात रोज भांडण. ओमकारची खोपोलीच्या कारखान्यात दुसरी पाळी असते, शिळफाट्यावरून मोटारसायकलने येतो. तो येईपर्यंत तुझी आई दारातून हलत नाही. मी विचारतो काही आवाज येतो का, तर ती बोट ओठांवर ठेवते. मला कशाला गप्प करते ते समजत नाही.

तुझ्या हालिनाबाईंनी लांडगे वाचवले म्हणजे नेमकं काय केलं, ते लिही. आणि मांस-मच्छीशिवाय काही मिळतं का तेही.

जपून राहा, आणि जपून आहेस हे कळवत राहा.

तुझा
बाबा


झालेशे
दि. २१ डिसेंबर

ती. बाबांस,

सा. न. आईला सांगा, मी तिची काळजी वाचली आणि भर दुपारी दाराला कडी लावली.

मोतीचं वाचून रडू आलं. बाबा, अंधार पडायच्या आत सगळ्यांनी घरात या. रुद्रला एकट्याला परसदारी पाठवू नका, खेळायलासुद्धा नको. गोठ्याची मागची भिंत कारवीच्या कुडाचीच आहे ना अजून? तिला जाळी मारून घ्या. ओमकारदादाला सांगा आधी तेवढं कर. मी इथे जनावरांच्या वागण्याचे तक्ते भरते आणि माझ्या घराचा गोठा उघडा.

हालिनाबाईंचं विचारलंत. त्यांना विचारलं तर त्या भाज्या चिरायला लावतात. म्हणून दुकानात ऐकलेलं लिहिते. तिथे स्तेफान नावाच्या शेतकऱ्याचा नातू बसतो, त्याच्या घरात ही गोष्ट अजून सांगतात.

त्या चोवीस वर्षांच्या होत्या. नुकती नोकरी लागलेली, लांडगे मोजायची. सरकारने लांडगे संपवायचं ठरवलं होतं, मारणाऱ्याला बक्षीस होतं, आणि लांडग्याने मेंढी मारली की तिच्यात विष भरून ठेवायला माणसं गावोगाव फिरायची. स्तेफानची मेंढी गेली तेव्हा या तिथेच होत्या. त्या जाऊन मेलेल्या मेंढीशेजारी बर्फात बसल्या. विषवाला आला, समजावून थकला, परत गेला. संध्याकाळी स्तेफानने त्यांना उचलून घरात नेलं. डाव्या पायाची दोन बोटं गोठून गेली ती गेलीच. त्या त्याला म्हणाल्या, हा हिवाळा विष घालू नकोस. तुझी जी मेंढी जाईल, तिच्याबद्दल मी तुझ्या शेतावर राबेन. तो हसला आणि हो म्हणाला.

मेंढ्या गेल्या. बाईंची नोकरीही गेली, सरकारी कामात अडथळा आणला म्हणून. आणि त्या खरंच राबल्या, शेण काढलं, गवत कापलं. शेवटी गावाने त्यांचं ऐकलं आणि इथले लांडगे वाचले, असं तो नातू सांगतो. मला तर ऐकूनच दोन दिवस ताठ चालावंसं वाटलं.

त्यांना सध्या खोकला आहे. डॉक्टर बर्फातूनही येतो, बाबा, मोठ्या चाकांच्या गाडीतून. मी बघितलं.

तुम्ही नीट असलात की मी नीट. एवढं लक्षात ठेवून माझ्यावर माया करा.

सुरभी


पळसदरी
दि. ८ जानेवारी

चि. सुरभीस,

आशीर्वाद. हे पत्र तुला कमी आणि त्या बाईंना जास्त आहे, तेव्हा नीट वाचून दाखव.

सोनुबाईच्या दोन्ही शेळ्या गेल्या. ती एकटी बाई, त्या दोन शेळ्यांवर तिचं चाललं होतं. वनखात्याचा माणूस येऊन पंचनामा करून गेला, भरपाई मिळेल म्हणाला, पण ती दिवसभर शेळ्यांच्या खुंट्यापाशी बसून राहिली. दर वर्षी या दिवसांत पोरं वालाच्या शेंगा आणि मडकी घेऊन शेतात पोपटी भाजायला जातात. या वर्षी एकही मडकं लागलं नाही. पाच वाजले की दारं बंद.

परवा देवळात बैठक झाली. आपला जयवंता बोलायला उभा राहिला. माझा चुलतभाऊ म्हणून सांगत नाही, तो वाईट माणूस नाही. त्याची पोर कर्जतला क्लासला जाते आणि धरणाच्या रस्त्याने परत येते, तो रोज काठी घेऊन अर्ध्या वाटेवर उभा असतो. त्याचं म्हणणं, पिंजरा लावा म्हणून अर्ज केला, वनखातं म्हणतं पिंजऱ्याला परवानगी वरून यावी लागते, तोवर आपण पोरं गमवायची का? बिबट्या मारलेल्या जनावराकडे परत येतो. यापुढे ज्याचं जनावर जाईल त्याने ते हलवायचं नाही, त्यात विष घालायचं. सगळ्यांनी हात वर केले.

मला काय चाललंय ते उशिरा कळलं. शेजारच्याने माझा हात धरून वर केला आणि मी तो तसाच ठेवला. घरी आल्यावर तुझी आई म्हणाली, बरं केलंत. ती रुद्रकडे बघते आणि तिचं दुसरं काही ऐकायचं मन नाही. मी तिला चुकीची म्हणू शकत नाही.

हालिनाबाईंस, मालोजीचा नमस्कार. तुम्ही शिकलेल्या आहात, मी रुळांवर हातोडा मारणारा. पण तुम्ही मेलेल्या मेंढीजवळ बसलात ते मी वाचलं. माझा नातू पाच वर्षांचा आहे. तुम्ही माझ्या जागी असता तर काय केलं असतंत, आणि तुमच्या गावाने शेवटी कशामुळे ऐकलं, तेवढं सांगावं. तुमचा खोकला कसा आहे? आल्याचा रस मधातून घ्यावा.

उत्तराची वाट बघतो आहे, माया तर आहेच.

बाबा


झालेशे
दि. १५ जानेवारी

ती. बाबांस,

सा. न. तुमचं पत्र मी बाईंना दोनदा वाचून दाखवलं. आधी माझं सांगते, कारण ते लपवून पुढचं लिहिता येणार नाही. मी लांडग्यांवर प्रबंध लिहिते आहे, आणि रुद्रचं नाव वाचल्यावर मला वाटलं, घालू देत विष, संपू दे एकदाचं. हे मी बाईंना बोलले. त्या रागावल्या नाहीत. कागद आण म्हणाल्या. पुढचं त्यांनी सांगितलेलं, शब्द माझे.

"मालोजींना नमस्कार. आईंनाही. आलं इथे मिळतं, मध माझ्या घरचा आहे, घेते.

सुरभीने तुम्हाला दुकानातली गोष्ट लिहिली. ती स्तेफानच्या घरची गोष्ट आहे, त्यांना ती तशीच आवडते. खरं असं झालं नाही. माझ्या गावाने माझं ऐकलं नाही. मी एका मेंढीपाशी बसले, पण मेलेल्या मेंढ्या पुष्कळ होत्या आणि मी एकटी. माझी आई आजारी पडली म्हणून मी शहरात गेले. परत आले तोवर स्तेफानच्या थोरल्या भावाने विष घातलं होतं. लांडग्याची मादी आणि तिची त्या वर्षीची पिल्लं ओढ्यापाशी पडली होती. त्यांच्याआधी स्तेफानचे दोन्ही कुत्रे मेले होते, आणि एक गरुड, आणि ज्या डुकराने त्यातलं खाल्लं ते. स्तेफान कुत्र्यांना मांडीवर घेऊन बसला होता.

शब्द दिला होता म्हणून मी त्याच्याकडे राबले. मग शाळेत शिकवलं. अर्ज केले, गावोगाव फिरले, लोकांनी कुत्री अंगावर सोडली, काहींनी जेवायला घातलं. या दरीत कित्येक वर्षं एकही लांडगा ओरडला नाही. परत आवाज ऐकला तेव्हा माझे केस पिकले होते. कायदा तर त्यानंतर आला. तेव्हा कशामुळे ऐकलं याचं उत्तर माझ्याकडे नाही. माणसं हळूहळू बदलली, काही मेली, काहींची नातवंडं वेगळी निघाली.

तुमच्या जागी मी काय केलं असतं? मला नातू नाही, मालोजी. म्हणून मी तुम्हाला हे करा असं सांगणार नाही. बिबट्याही मला माहीत नाही. तो तुमच्या नातवाला काही करणार नाही असं वचन मी देऊ शकत नाही, आणि जो देईल त्याच्यावर विश्वास ठेवू नका. गोठा बंद करा, उष्टं ओढ्यात टाकणं थांबवा, मुलाचा हात धरा. विषाबद्दल मात्र मला माहीत आहे. ते ज्याच्यासाठी ठेवतो त्याच्यापाशी थांबत नाही.

हालिना."

बाबा, हे सांगून झाल्यावर त्या भिंतीकडे तोंड करून झोपल्या. खोकला छातीत उतरला आहे. मला तुमच्यासाठी भीती वाटते आणि त्यांच्यासाठीही, आणि दोन्हीकडे मी एकटी पुरत नाही.

लगेच कळवा. बाकी लोभाचं काय लिहू.

सुरभी


पळसदरी
दि. २७ जानेवारी

चि. सुरभीस,

आशीर्वाद. आधी हे वाच : घरातली सगळी माणसं सुखरूप आहेत. आता पुढचं सावकाश वाच.

आपली चांदी कालवड गेली. ओमकारने दोन बाजूंना जाळी मारली होती, मागची बाजू रविवारी करणार होता. पहाटे बिबट्या तिथूनच आला. मला ऐकू येण्याचा प्रश्न नव्हता, तुझी आई उठली तेव्हा गाय खुंट्याभोवती फिरत होती. ओढत नेल्याची खूण वालाच्या शेतातून थेट ओढ्याकाठच्या करवंदीच्या जाळीपर्यंत. थोडी खाऊन ठेवली होती. म्हणजे परत येणार.

तर ज्याचं जनावर जाईल त्याने विष घालायचं असं ठरलं होतं, आणि ते जनावर माझं निघालं.

तुझ्यापासून लपवत नाही. चांदीचे डोळे उघडे बघितल्यावर मी बाईंचं पत्र विसरलो. मलाच वाटलं, घालावं. घरी आलो, पाणी प्यायलो, मग पत्र काढून कुत्र्यांचं पुन्हा वाचलं. ती करवंदीची जाळी ओढ्याच्या काठाला. ओढा धरणात जातो. वरच्या वाडीची पोरं तिथे खेकडे धरतात. मी हर्षलाला सांगितलं, वनखात्याला फोन लाव, जनावर त्यांच्या ताब्यात द्यायचं आहे. ते लांब कुठेतरी होते, संध्याकाळपर्यंत येतो म्हणाले. मी तुझ्या आईला सांगितलं की तोवर मी तिथे बसतो. ती गोठ्यात गाईपाशी जाऊन बसली, आणि मी निघालो तरी तिने मान वर केली नाही.

दुपारी जयवंता आणि चौघे आले. माझ्या बहिरेपणाचा एवढा उपयोग मला आयुष्यात झाला नव्हता. ते बोलत होते, मी नाही म्हणून मान हलवत होतो. काय बोलत होते देव जाणे. शेवटी जयवंताने फोनवर मोठ्या अक्षरात लिहून माझ्यासमोर धरलं : उद्या रुद्र असला तर?

मी म्हटलं, "तेव्हा मला काय पाहिजे ते बोल, जयवंता. आज मला बसू दे." तो विषाची पुडी खिशात घालून गेला. तेव्हापासून बोलत नाही. काल समोरून आला आणि रस्ता बदलला. लहानपणापासून आम्ही एका ताटात जेवलेलो.

मग मी एकटाच. ऊन उतरलं. जाळीकडे पाठ होती, कारण रस्ता दिसायला हवा होता. मी ठरवलं होतं, मागे वळून बघायचं नाही. बघितलं असतं तर उठून पळालो असतो. काठीने मातीत रेघा ओढत बसलो. अंधार पडता पडता ओमकार पाळी बुडवून वनखात्याच्या माणसांना घेऊन आला. त्यांनी चांदीला लांब नेऊन पुरलं, झाडाला कॅमेरे बांधले. घरी आलो तर तुझी आई चुलीपाशी. भाकरी वाढली, एक शब्द नाही.

गावात अर्धे लोक मला खुळा म्हणतात. सोनुबाई सकाळी वालाच्या शेंगा ठेवून गेली. बिबट्या आहे अजून. मी बरोबर केलं का ते मला माहीत नाही, गं. बाईंना विचारू नकोस, त्यांनाही माहीत नसणार. त्यांची तब्येत कळव.

बाबा


झालेशे
दि. १ फेब्रुवारी

प्रिय आई,

तुला नमस्कार, आणि फक्त तुला. हे पत्र मी वहिनीला छापू नको असं सांगून पाठवते आहे. ती तुला एकटीला वाचून दाखवील.

पानी हालिना दवाखान्यात आहेत. छातीत कफ साठला, ऑक्सिजन लावला होता, काल काढला. डॉक्टर म्हणतात वयाच्या मानाने बरं आहे. मी रोज बसने जाते. परवा बाबांचं पत्र त्यांना पोलिशमध्ये वाचून दाखवलं. डोळे मिटून ऐकत होत्या, मला वाटलं झोप लागली. संपल्यावर त्यांनी माझा हात दाबला. चुकलं-बरोबर काही नाही. एवढंच विचारलं, "त्याला तर ऐकू येत नाही. मग ऐकायला कोण होतं?"

मला कळेना. त्या म्हणाल्या, मी आयुष्यभर असल्या जागांवर बसले आहे. मारलेल्या जनावराशेजारी बसताना डोळे उपयोगाचे नाहीत, कान लागतात. दिवस मावळताना त्याच्याकडे पाठ करून बहिरा माणूस एकटा बसला आणि घरी आला, असं होऊ शकतं. पण विचारून बघ.

आई, तेव्हापासून मला झोप नाही. त्या संध्याकाळी काय झालं ते तुला माहीत आहे का? खरं कळव. कितीही वाईट असलं तरी.

तुझ्या मायेवाचून इथली थंडी सोसत नाही.

सुरभी


पळसदरी
दि. ५ फेब्रुवारी

चि. सुरभीला आईचा आशीर्वाद, पोटभर.

हर्षला लिहिते हाय, मी सांगते तसं. नीट करून लिहू नको म्हणून तिला बजावलं हाय.

तुझे बाबा म्हणतात मी गोठ्यात बसले होते. बसले होते, दुपारपर्यंत. त्या सकाळी जयवंता दारात आला तेव्हा मीच त्याला बोलले होते, घाल विष, यांचं ऐकू नको. ते खरं हाय. मला बिबट्या नको हाय. तुझ्या बाईंचं पत्र यांनी मला वाचून दाखवलं, कुत्र्यांचं ऐकून वाईट वाटलं, पण माझं मन नाय फिरलं. मी आजी हाय.

पण जयवंता परत जाताना दिसला, आणि मी म्हटलं, आता हे तिकडं एकटे. यांना स्टेशनात गाडी आलेली कळत नाय. मी कोयता घेतला. वालाच्या शेताच्या कडेकडेनं गेले आणि यांच्या मागं, जाळीच्या बाजूला, सागाखाली बसले. हाक मारून काय उपयोग, आणि पुढं जाऊन दिसले असते तर घरी हाकललं असतं. हे मातीत रेघा काढत होते, लहान पोरासारखे.

ऊन गेलं. टिटवी ओरडली. मग वरच्या बाजूला वानरं खेकसायला लागली, एक थांबलं की दुसरं. यांची पाठ तशीच, जराही हलली नाय. सुरभी, मला तेव्हा जे वाटलं ते सांगता येत नाय. एवढा कालवा चाललेला आणि त्या माणसाला काही नाय.

तो ओढ्यातनं वर आला. आपल्या अंगणाच्या या टोकापासून ते टोक असतं तेवढ्यावर. चांदीकडं नाय बघत, यांच्या पाठीकडं बघत होता. मला ओरडता येईना. मी उठले, यांच्या आणि त्याच्या मधी जाऊन उभी राहिले. कोयता हातात होता पण मला तो आठवला पण नाय. दोन्ही हातांनी पदर डोक्याच्या वर धरला, असा पसरून. का धरला ते मला ठाऊक नाय, कोणी शिकवलं नव्हतं. त्यानं मला बघितलं. बारीक होता गं, बरगड्या दिसत होत्या. मी पण बघितलं. मग तो वळला आणि ओढ्यात उतरला. पानं वाजली ती लांब जाईपर्यंत ऐकली.

मी तिथंच बसले, यांच्या पाठीला पाठ करून, मधी हातभर जागा सोडून. टेकले असते तर कळलं असतं. रस्त्यावर गाडीचा उजेड दिसला तशी बांधानं मागं फिरले, घरी येऊन चूल पेटवली. हे आले, सगळ्यांना सांगत होते एकटाच बसलो, मागं वळून बघितलं नाय. मी भाकरी वाढली. बोलले असते तर रडले असते.

गोठ्याला जाळी आता चारी बाजूंनी मारून झाली. फार्महाऊसवाल्यांचं उष्टं टाकणं हर्षला आणि सोनुबाई जाऊन भांडून बंद करून आल्या. बिबट्या कॅमेऱ्यात आला म्हणतात, वरच्या अंगाला. जयवंता अजून बोलत नाय, पण त्याची पोर क्लासहून येते तेव्हा आता हे त्याच्यासोबत काठी घेऊन उभे राहतात. तो इकडं बघतो, हे तिकडं बघतात. रुद्रचा हात मी सोडत नाय. भीती गेली नाय, जायची पण नाय.

यांना हे कळवू नको. आपण एकट्यानं राखण केली असं त्यांना वाटतंय, वाटू दे. त्या बाईंना मात्र सांग, ऐकायला मी होते.

माया हाय ती सगळी तुलाच.

तुझी
आई